खांबाशेजारचा माणूस

लोणारच्या सरोवराची ख्याती आता जगभर पसरली आहे. उल्कापाताने काळ्या पाषाणात पडलेला तो सुमारे १.८ किलोमीटर व्यासाचा खड्डा पाहण्यासाठी लांबलांबचे लोक बुलढाणा जिल्ह्यात येतात. गावातले दैत्यसूदनाचे देऊळ मात्र बरेचजण धावत्या पावली पाहून मोकळे होतात. हे देऊळ मनापासून पाहणारा एक गृहस्थ एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात येथे येऊन गेला. त्याचे नाव रॉबर्ट गिल. मद्रासच्या लष्करातला हा अधिकारी त्या वेळी साठीच्या घरात होता. कॅमेरा, काचा आणि रसायने असा संसार बरोबर घेऊन तो वऱ्हाडातील हेमाडपंती देवळांची छायाचित्रे काढीत हिंडत होता.

त्या काळची देवळांची, लेण्यांची छायाचित्रे चाळू लागलो की त्यांतून एक माणूस आपल्याला पुन्हा पुन्हा भेटतो. कधी तो खांबाला टेकून उभा असतो, कधी पायरीवर बसलेला असतो. डोक्याला पागोटे, कमरेला धोतर, नजर भलतीकडेच. त्याला तेथे कशासाठी उभे केले असेल? उत्तर सोपे आहे. लंडनमध्ये बसून चित्र पाहणाऱ्या विद्वानाला खांबाची उंची कळावी म्हणून. माणसाची उंची सर्वांनाच ठाऊक असते, तेव्हा तो शेजारी उभा राहिला की मोजपट्टीचे काम होऊन जाते. चित्राखाली देवळाचे नाव येई, गावाचे येई, छायाचित्रकाराचेही येई. ह्या माणसाचे नाव तेवढे कोठे येत नसे.

ह्या खांबाशेजारच्या माणसाचे पुढे काय झाले? तो चित्राच्या मध्यभागी केव्हा आला? आणि अखेर चित्र काढण्याचे साधन त्याच्याच हाती कसे गेले? ही हकीकत बुलढाण्यापासून निघते, मुंबईवरून चंद्रपूरच्या कोळसाखाणीत पोचते आणि आज हयात असलेल्या एका वैदर्भीय कलावंतापाशी येऊन थांबते. दिवाळीच्या फराळाबरोबर ती वाचावयास हरकत नाही.

आरंभ गिलसाहेबापासून करू. १८४४ मध्ये ईस्ट इंडिया कंपनीने त्याला अजिंठ्याच्या भिंतींवरील चित्रांच्या नकला करण्याच्या कामावर नेमले. अजिंठ्याची डोंगररांग पुढे बुलढाणा जिल्ह्यातून जाते, आणि ‘घाटावर’ व ‘घाटाखाली’ असे जिल्ह्याचे जे दोन भाग लोक करतात ते तिच्यामुळेच. ह्या डोंगरात गिलने सुमारे वीस वर्षे काढली. गुहेतला अंधार, वटवाघळे, ताप ह्या सर्वांना तोंड देत त्याने मोठमोठ्या कापडांवर तैलरंगांत नकला केल्या आणि त्या विलायतेला पाठविल्या. लंडनजवळच्या क्रिस्टल पॅलेसमध्ये त्या मांडण्यात आल्या. डिसेंबर १८६६ मध्ये तेथे आग लागली आणि त्यांतल्या बहुतेक सर्व जळून गेल्या. वीस वर्षांच्या कष्टांची एका रात्रीत राख झाली.

नशिबाची गोष्ट एवढीच की, त्यापूर्वीच गिलच्या हाती कॅमेरा आला होता. दोन डोळ्यांसाठी दोन चित्रे शेजारी शेजारी घेऊन खोलीचा भास उत्पन्न करणाऱ्या छायाचित्रांची त्याची पुस्तके १८६४ मध्ये लंडनला निघाली. त्या काळी छायाचित्र काढणे म्हणजे लहानसा कारखानाच चालविणे होते. काचेवर रसायनाचा थर द्यावयाचा, तो ओला असतानाच ती कॅमेऱ्यात घालावयाची, आणि वाळण्याच्या आत अंधाऱ्या तंबूत नेऊन धुवावयाची. वऱ्हाडातल्या उन्हात हे सारे उरकणे किती जिकिरीचे असेल! चित्र उमटावयास काही क्षण जात, म्हणून खांबाशेजारच्या माणसाला श्वास रोखून अगदी निश्चल उभे राहावे लागे. तो जरा हलला की काचेवर धूर उठल्यासारखा डाग पडे. म्हणजे ज्याचे नावही कोणी विचारले नाही, त्याच्या सहकार्यावाचून चित्र मात्र निघत नव्हते.

गिलच्या आयुष्यात एका स्थानिक व्यक्तीचे नाव तेवढे दगडावर कोरले गेले. ते पारोचे. अजिंठा गावात तिची कबर आहे आणि २३ मे १८५६ हा तिच्या मृत्यूचा दिवस तीवर नोंदला आहे. पारो आणि गिल ह्यांची कथा महाराष्ट्राला ठाऊक आहे. ना. धों. महानोरांनी तीवर ‘अजिंठा’ हे दीर्घकाव्य लिहिले आणि २०१२ मध्ये त्यावर चित्रपटही निघाला. त्या कथेचा मोह येथे आवरता घेऊ. आपल्याला एवढेच लक्षात ठेवावयाचे आहे की, जेथे जिव्हाळा होता तेथे नाव राहिले, आणि जेथे केवळ गरज होती तेथे ते गेले.

आता वऱ्हाडच्या बाजूने पाहू. १८५३ मध्ये वऱ्हाड निजामाकडून इंग्रजांच्या कारभाराखाली आले. पुढे १८६१ ते १८६५ अमेरिकेत यादवी युद्ध जुंपले, तेथला कापूस अडला आणि मँचेस्टरच्या गिरण्यांची नजर वऱ्हाडच्या काळ्या जमिनीकडे वळली. खामगावचा कापसाचा बाजार भरभराटीस आला. १८६७ मध्ये भुसावळहून नागपूरपर्यंतचा लोहमार्ग पुरा झाला आणि मलकापूर, नांदुरा, शेगाव ही गावे आगगाडीच्या वाटेवर आली. १८७० मध्ये जलंबपासून खामगावपर्यंत खास फाटा काढण्यात आला. त्याच्या उद्घाटनाला व्हाइसरॉय लॉर्ड मेयो जातीने हजर राहिले. तालुक्याच्या एका गावी व्हाइसरॉयने यावे, ही त्या कापसाची किंमत होती.

कापूस ओढून नेणाऱ्या इंजिनाला कोळसा लागे. तो विदर्भाच्याच दुसऱ्या टोकाला, तेव्हाच्या चांदा जिल्ह्यात, वर्धा नदीच्या खोऱ्यात जमिनीखाली होता, आणि वरोऱ्याची खाण ह्याच काळात सुरू झाली. पश्चिमेकडे पांढरे सोने आणि पूर्वेकडे काळे सोने. बुलढाण्याचा शेतकरी आणि चांद्याचा खाणमजूर एकमेकांना कधी भेटले नसतील, पण एकाच गाडीच्या दोन टोकांना ते बांधले गेले होते. ह्या लेखाचा शेवट चंद्रपूरला का होतो, ह्याचे मूळ येथे आहे.

नव्या राज्याला माणसे मोजावयाची होती. १८६७ मध्ये वऱ्हाडची शिरगणती झाली. लायलसाहेबाने संपादिलेले वऱ्हाडचे गॅझेटियर १८७० मध्ये निघाले. जाती, धंदे, चालीरीती ह्यांची कोष्टके तयार झाली. १८६८ पासून पुढच्या सात वर्षांत हिंदुस्थानातील लोकांच्या छायाचित्रांचा आठ खंडांचा मोठा ग्रंथ लंडनमध्ये प्रसिद्ध झाला. तोपर्यंत खांबाशेजारी उभा असलेला माणूस आता चित्राच्या मध्यभागी आला खरा, परंतु ‘अमुक जातीचा’, ‘अमुक धंद्याचा’ असा नमुना म्हणून आला. दुकानदार धान्याच्या पोत्यातून मूठभर दाणे काढून दाखवितो, त्यातला हा प्रकार. दाणा कोणता, ह्याला महत्त्व नाही. पोत्यात काय आहे ते कळले म्हणजे झाले.

आपल्या चित्रकारांनी ह्या नमुन्यात जीव ओतला. त्यांत रावबहादूर महादेव विश्वनाथ धुरंधर ह्यांचे नाव आधी घेतले पाहिजे. १८६७ मध्ये कोल्हापुरात जन्मलेला हा चित्रकार मुंबईच्या सर ज. जी. कलाशाळेत शिकला आणि पुढे तेथेच आयुष्यभर शिकविता झाला. त्यांची ‘कलामंदिरातील एकेचाळीस वर्षे’ ही आठवणींची वही १९४० मध्ये प्रसिद्ध झाली आहे. विसाव्या शतकाच्या आरंभी त्यांनी मुंबईच्या रस्त्यावरील नाना तऱ्हेची माणसे चितारली आणि ती पोस्टकार्डांवर छापली जाऊन घराघरांत गेली. त्यांच्या चित्रातली स्त्री लुगड्याचा काष्टा कसा घालते, हमाल ओझे उचलताना मान कशी धरतो, हे इतके बिनचूक असते की आपण त्या माणसाला ओळखतो असे वाटावे. तरीही ती माणसे ‘प्रकार’च राहिली. मुंबईला आलेल्या पाहुण्याने आठवण म्हणून घरी धाडावयाचे प्रकार.

पुढचे पाऊल पडावयास स्वातंत्र्यानंतरचा काळ उजाडला. ठाण्याचे सुधीर पटवर्धन हे पेशाने क्ष-किरणतज्ज्ञ. त्यांचा जन्म १९४९ चा, पुण्याचा. दवाखान्यात माणसाची हाडे पाहावयाची आणि उरलेल्या वेळी त्याच माणसाला लोकलच्या डब्यात, हॉटेलच्या टेबलाशी, गिरणगावच्या रस्त्यावर रंगवावयाचे, असा दुहेरी उद्योग त्यांनी २००५ पर्यंत चालविला. त्यांच्या चित्रातला कामगार कोणाचा नमुना म्हणून उभा राहत नाही. तो थकलेला असतो, विचारात असतो, आपल्याकडे रोखून पाहतो, आणि पाहणाऱ्यालाच जरा संकोच वाटतो. परंतु येथेही रंगविणारा डॉक्टर आणि रंगविला जाणारा मजूर ही दोन माणसे होती. पटवर्धनांनी हे अंतर कधी लपविले नाही, आणि ह्या प्रामाणिकपणातच त्यांच्या चित्रांचे मोठेपण आहे.

ते अंतर ज्यांच्या कामात उरले नाही, त्या प्रभाकर पाचपुते ह्यांच्याकडे आता येऊ.

चंद्रपूर जिल्ह्यात राजुरा तालुक्यात सास्ती नावाचे गाव आहे. गावाशेजारी कोळशाची खाण. पाचपुते ह्यांचा जन्म तेथे १९८६ मध्ये झाला. त्यांच्या घराण्याच्या तीन पिढ्या खाणीशी बांधल्या गेलेल्या. १९७३ मध्ये कोळसाखाणींचे राष्ट्रीयीकरण झाले आणि १९७५ मध्ये नागपूर हे मुख्य ठाणे असलेली वेस्टर्न कोलफील्ड्स ही सरकारी कंपनी स्थापन झाली. खाण वाढली की जमीन लागते. उघड्या खाणीसाठी तर वरची सगळी मातीच उचलून बाजूला टाकावी लागते. जेथे ज्वारी डोलत होती तेथे खोल खड्डा पडतो आणि सपाट शिवारात काळ्याभुऱ्या मातीचे डोंगर उभे राहतात. जमीन द्यावी आणि तिच्या बदल्यात नोकरी घ्यावी, असा व्यवहार ह्या भागात घरोघर झाला. बापाचा सात-बारा जातो आणि मुलाच्या हाती हजेरीचे कार्ड येते. काल ‘तुम्ही कोण?’ ह्या प्रश्नाला ‘शेतकरी’ असे उत्तर होते. आज त्याच घरातल्या माणसाने काय सांगावे? ‘ओळख’ हा शब्द विद्वानांच्या चर्चेत फार जड होऊन बसला आहे. सास्तीसारख्या गावात त्याचा अर्थ इतका साधा आणि इतका कठीण आहे.

पाचपुते घराबाहेर पडले ते शिल्पकला शिकण्यासाठी. छत्तीसगडातील खैरागडच्या इंदिरा कला संगीत विश्वविद्यालयातून २००९ मध्ये ते पदवीधर झाले. पुढे बडोद्याच्या महाराजा सयाजीराव विद्यापीठात २०११ मध्ये त्यांनी पदव्युत्तर शिक्षण पुरे केले. विद्यापीठात दगड, धातू, माती सर्व काही हाताळले. पण मुंबईला आल्यावर त्यांनी जे साधन मुख्य म्हणून धरले, ते होते कोळसा. चित्रकाराचा कोळसा लाकूड जाळून करतात आणि खाणीतला लक्षावधी वर्षे भूगर्भात दबून होतो, हा फरक खरा. पण बोटांना लागणारी काळिमा एकच. बापजाद्यांच्या नखांत जे काळे राहिले, त्यानेच मुलगा चित्र काढू लागला.

२०१२ मध्ये मुंबईच्या क्लार्क हाऊसमध्ये त्यांचे पहिले मोठे प्रदर्शन भरले. त्याच्या इंग्रजी नावाचा अर्थ ‘कोळशाच्या खाणीतला कॅनरी’. विलायतेच्या खाणींत पूर्वी कॅनरी नावाचे चिमुकले पिवळे पाखरू पिंजऱ्यातून खाली नेत. विषारी वायू सुटला तर माणसाआधी ते पाखरू कोसळे आणि मजुरांना पळावयास वेळ मिळे. ही चाल बंद करून पाखराच्या जागी यंत्र आणावयाचे, असे ब्रिटनमध्ये ठरले ते १९८६ साली, म्हणजे पाचपुते ह्यांच्या जन्माच्या वर्षी. आपली चित्रे ही त्या पाखरासारखी धोक्याची खूण आहेत, असेच जणू त्या नावातून सुचविले होते.

ती चित्रे होती कशी? कागदावरची, चौकटीत बसविलेली थोडी. बाकीची सरळ भिंतीवर कोळशाने काढलेली, माणसाच्या उंचीची आणि त्याहून मोठी. जोडीला मातीच्या आकृती होत्या, आणि एकेक चित्र जरा जरा बदलीत काढून तयार केलेली हलती चित्रेही होती. त्यांच्या चित्रातले खाणकामगार आपल्याला पुढेही अनेक प्रदर्शनांत भेटतात. त्यांचे धड माणसाचे असते, पण डोक्याच्या जागी दिवा असतो, अवजार असते, यंत्राचा भाग असतो, नाहीतर दुसरीच एखादी वस्तू असते.

पहिल्यांदा पाहणारा दचकतो. मग आपल्याच गावगाड्याची आठवण होते. आपल्याकडे जो लाकूड तासी तो सुतार, जो लोखंड घडवी तो लोहार, जो दप्तर सांभाळी तो कुलकर्णी. माणसाचे काम हेच त्याचे नाव झाले, पुढे आडनाव झाले, आणि नातवाने ते काम टाकले तरी आडनाव डोक्यावर तसेच राहिले. धडावर डोक्याऐवजी अवजार, हे चित्र आपण शेकडो वर्षे शब्दांत काढीतच आलो आहोत. पाचपुते ह्यांनी ते कोळशाने काढून दाखविले, एवढेच. त्यात विनोद आहे, भय आहे आणि मायाही आहे. कारण दिव्याचे डोके असलेला तो माणूस त्यांच्या घरातलाच आहे, आणि त्याला हास्यास्पद होऊ न देण्याची काळजी प्रत्येक रेघेत दिसते.

येथे काही वाचक विचारतील, ‘अहो, पण भिंतीवर कोळसा, खाली माती, शेजारी हलती चित्रे, ह्याला चित्रकला म्हणावयाची का? चित्र म्हणजे कसे भिंतीला टांगता आले पाहिजे.’ प्रश्न वाजवी आहे, आणि त्याचे उत्तर द्यावयास परदेशी जाण्याचे कारण नाही. कुडाळजवळच्या पिंगुळी गावात ठाकर समाजाचे चित्रकथी आहेत. कागदावर रंगविलेली चित्रे एकामागून एक पुढे धरावयाची, वाद्याच्या साथीने गावयाचे, निरूपण करावयाचे आणि रामायणातला प्रसंग डोळ्यांपुढे उभा करावयाचा, ही त्यांची परंपरा. चित्रकार, गायक, कथेकरी, सारे एकाच माणसात. ह्याच परंपरेतले परशुराम गंगावणे ह्यांना २०२१ मध्ये पद्मश्री मिळाली. अनेक कलांचा एकत्र संसार आपल्याकडे जुनाच आहे. त्या वेगवेगळ्या खोल्यांत कोंडल्या गेल्या त्या नव्या शाळांत.

दुसरे उदाहरण तर बुलढाणा जिल्ह्यातलेच आहे. जळगाव जामोद तालुक्यातील भेंडवळ येथे अक्षय्य तृतीयेच्या संध्याकाळी शेतात घट मांडतात. गोलाकार घटात गहू, ज्वारी, तूर, उडीद, मूग, हरभरा, तीळ, सरकी अशी अठरा धान्ये ओळीने ठेवतात. मध्ये खड्डा. त्यात पावसाळ्याच्या चार महिन्यांची म्हणून चार ढेकळे. त्यांवर पाण्याने भरलेली घागर. घागरीवर पुरी, पापड, कुरडई, करंजी, भजे, वडा असे पदार्थ. शेजारी विड्याचे पान आणि सुपारी, ती राजाची खूण. रात्रभर ते सारे उघड्यावर राहते आणि पहाटे काय हलले, काय तसेच राहिले ते पाहून पीकपाण्याचे भाकीत सांगतात. वाघ घराण्याकडे चालत आलेली ही रीत सुमारे साडेतीनशे वर्षांची असल्याचे सांगतात, आणि पहाटेचे भाकीत ऐकावयास दूरदूरचे शेतकरी जमतात. ते भाकीत खरे मानावे की नाही, हा वेगळा प्रश्न आहे. विवेकवादी मंडळींनी त्याला विरोध केलेला आहे आणि शास्त्राच्या कसोटीवर असे भाकीत टिकणार नाही, हे उघड आहे.

परंतु भाकीत बाजूला ठेवून त्या मांडणीकडे पाहा. कुरडई म्हणजे केवळ कुरडई नव्हे, ढेकूळ म्हणजे केवळ ढेकूळ नव्हे. रोजच्या घरातल्या वस्तू एका ठरलेल्या जागी, ठरलेल्या वेळी, ठरलेल्या क्रमाने मांडल्या की त्या बोलू लागतात, हे भेंडवळच्या शेतकऱ्याला कोणी शिकवावे लागत नाही. आजचे कलावंत जेव्हा दालनात रोजच्या वस्तू मांडतात तेव्हा त्या कामाला मराठीत मांडणशिल्प म्हणतात. शब्द नवा आहे, दृष्टी नवी नाही. फरक आहे तो हेतूचा. घट मांडणाऱ्याला उत्तर हवे असते, पाऊस किती आणि भाव काय. कलावंत प्रश्न मांडून बाजूला होतो, आणि उत्तर पाहणाऱ्याने आपल्या घरी जाऊन शोधावयाचे असते.

आणखी एक साम्य आहे. घटाची मांडणी दुसऱ्या दिवशी मोडते. दिवाळीत अंगणात काढलेली रांगोळी सकाळी केरसुणीखाली जाते. पाचपुते ह्यांची भिंतीवरची चित्रेही प्रदर्शन संपले की पुसली जातात. पुढच्या गावी ती नव्याने काढावयाची, तेथल्या भिंतीच्या मापाने. गिलसाहेबाची कापडे जपून ठेवली होती तरी जळाली. जी कला पुसली जाणार हे आधीच ठाऊक असते, तिला आगीचे भय नसते. ती हातात राहते.

ह्या हाताने कोळशाची रेघ दूरवर नेली. २०१४ मध्ये ब्राझीलमधील साऊं पावलूच्या आणि केरळातील कोचीच्या मोठ्या द्वैवार्षिक प्रदर्शनांत पाचपुते ह्यांचे काम होते, २०१५ मध्ये इस्तंबूलला होते. खाणीबरोबरच शेती हाही त्यांचा विषय झाला. पुढच्या चित्रांत शेतकऱ्यांच्या आंदोलनांचे पडसाद आले, ओसाड शिवारे आली, अर्धी माणसाची व अर्धी अवजाराची अशी विचित्र प्राण्यांची रांग आली. मग २०२१ मध्ये वेल्समधील कार्डिफ येथे ‘आर्टेस मुंडी’ ह्या आंतरराष्ट्रीय पारितोषिकासाठी निवडलेल्या सहा कलावंतांत त्यांचे काम मांडले गेले.

वेल्स हा एके काळी कोळशाचा प्रदेश. तेथली दगडी कोळशाची जहाजे जगभर जात. १९६६ च्या ऑक्टोबरात एबरफॅन गावी खाणीच्या कचऱ्याचा डोंगर पावसाने ढासळून शाळेवर आला. ११६ मुले आणि २८ मोठी माणसे त्याखाली दगावली. १९८४-८५ मध्ये खाणी वाचविण्यासाठी वर्षभर संप चालला आणि तो हरल्यावर एकामागून एक खाणी मिटत गेल्या. अशा प्रदेशात सास्तीच्या मुलाने काढलेली चित्रे लागली. मातीचे डोंगर आणि त्यांच्या पायथ्याशी उभी असलेली माणसे त्या लोकांना भाषांतर करून सांगावी लागली नसतील. एकाकडे खाणी मिटल्याचे दुःख, दुसऱ्याकडे खाण वाढल्याचे. दोघांचा प्रश्न एकच, की काम गेले, जमीन गेली, तर मी कोण?

त्या वर्षीचे पारितोषिक एकट्या कोणाला देण्यात आले नाही. साऱ्या जगाने महामारी सोसली होती. परीक्षकांनी साठ हजार पौंडांची रक्कम सहाही कलावंतांना सारखी वाटून दिली, दहा दहा हजार प्रत्येकी. स्पर्धेच्या युगात हा निकाल कित्येकांना चमत्कारिक वाटला असेल. पण जेथे खाली उतरलेल्या माणसाचा जीव शेजारच्या माणसाच्या हाती असतो, त्या खाणीतल्या लोकांना त्यात नवल वाटण्यासारखे काही नव्हते.

आता मागे वळून पाहिले म्हणजे दीडशे वर्षांची वाट एका दृष्टिक्षेपात दिसते. लोणारच्या देवळापाशी माणूस खांबाचे माप होता. शिरगणतीच्या काळात तो जातीचा नमुना झाला. धुरंधरांच्या पोस्टकार्डावर त्याला हालचाल मिळाली, पटवर्धनांच्या चित्रात त्याला मन मिळाले. आणि सास्तीच्या पाचपुत्यांच्या घरी त्याने स्वतःच कोळसा उचलला आणि भिंतीवर आपले चित्र काढले. त्या चित्रात त्याला डोके नाही, दिवा आहे, ही गोष्ट विसरू नये. चित्र काढण्याचा हक्क मिळाला म्हणून प्रश्न सुटला असे नाही. तो आता प्रश्न विचारणाऱ्याच्या आवाजात विचारला जात आहे, एवढा फरक पडला आहे. आमच्या मते तो लहान नाही.

बुलढाणा जिल्ह्यात सांगण्यासारखे पुष्कळ आहे. सिंदखेडराजाला जिजाऊंचे जन्मस्थान, शेगावला गजानन महाराजांचे संस्थान, मेहकरला शारंगधर बालाजीची देखणी मूर्ती, खामगावची चांदी. ह्या सर्वांची वर्णने झाली आहेत आणि होत राहतील. परंतु खामगावच्या जिनात सरकी वेचणारी बाई, नांदुऱ्याच्या फलाटावरचा हमाल, घाट चढून बुलढाण्याला शिकावयास येणारी मुलगी, ह्यांची चित्रे त्यांच्याच घरातल्या कोणीतरी काढावयाची आहेत. साधन हाताशी आहे. कोळसा चुलीत मिळतो, आणि कॅमेरा तर आता प्रत्येकाच्या खिशात आहे. गिलसाहेबासारखा तंबू बरोबर न्यावा लागत नाही.

तोवर एक लहानसे काम ह्याच दिवाळीत करता येईल. घराची साफसफाई करताना माळ्यावरची ट्रंक खाली येते आणि तिच्यातून जुने फोटो निघतात. मुंजीतला, लग्नातला, शेताच्या बांधावरचा, गिरणीच्या दारातला. त्यांत कडेला कोणीतरी उभे असते. ते कोण, हे सांगणारे एखादे म्हातारे माणूस अजून घरात असेल. त्यांना फोटो दाखवा, चष्मा शोधून द्या आणि मागच्या कोऱ्या बाजूला त्यांच्या सांगण्यावरून ते नाव लिहून ठेवा.